ऑटो लाईकचं पॅकेज घ्यावं का?

मिरची_कोल्हापुरी (धागाकर्ता)

मंडळी, एक व्यवहाराचा प्रश्न आहे. आमच्या आईचा कांदा-लसूण चटणीचा घरगुती धंदा आहे. आधी गल्लीत चालायची, मग पाव्हण्यारावळ्यांत, आता कुरियरने पुण्या-मुंबईला पण जाते. इन्स्टा आणि फेसबुकचं पेज मी बघतो. फोटो चांगले असतात, मित्र काढून देतो, पण लाईक तीस-चाळीसच्या वर काय जात नाहीत आणि त्यातले निम्मे मावश्या, आत्या नाहीतर माझे शाळेतले मित्र.

परवा एक 'डिजिटल मार्केटिंग'वाला पोरगा आला. म्हणाला महिन्याला दीड हजार द्या, तुम्ही पोस्ट टाकली रे टाकली की दहा मिनिटांत आपोआप पाचशे लाईक आणि वीस कमेंट. फेसबुकला तर बदाम किती, वॉव किती, ते पण आपणच ठरवायचं. फक्त पेजचं नाव द्यायचं, पासवर्ड नको. त्याच्याकडं साडेतीनशेची स्वस्तातली स्कीम पण आहे, तिला मात्र लॉगिन द्यावं लागतं.

आमच्याच भागातल्या एका मसालेवाल्याच्या पेजवर परातीतल्या लाल तिखटाच्या साध्या फोटोला दोन हजार लाईक आहेत, ते बघून माझं पण मन चळलंय. घ्यावं का? कुणी वापरलंय का? नैतिकतेवर व्याख्यान नको, ते आई देतीय घरात.

ढेमसे

चटणीचा भाव टाका आधी, लाईकचं मग बघू.

गोंधळी_गडी

+१. आणि पुण्यात कुठे मिळते?

खटपट्या

दोन्ही स्कीम बाहेरून सारख्या दिसतात पण आतून वेगळ्या आहेत म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पासवर्ड न मागणारी आहे ती 'पॅनेल'ची. एसएमएम (सोशल मीडिया मार्केटिंग) पॅनेल नावाच्या वेबसाईट असतात, त्यात यूपीआयने वॉलेट भरायचं, पोस्टची लिंक टाकायची आणि हजाराच्या भावाने लाईक, व्ह्यू, फॉलोअर काय पाहिजे ते मागवायचं. 'ऑटो लाईक' म्हणजे ते पॅनेल तुमच्या पेजवर नजर ठेवून असतं, नवीन पोस्ट दिसली की ऑर्डर स्वतःच मारतं. लाईक येतात ते बनावट नाहीतर दुसऱ्या कुणाच्या तरी चोरलेल्या खात्यांवरून. भाव ठरतो तो मुख्यतः 'ड्रॉप'वर, म्हणजे खाती उडाली की लाईक गळतात, मग 'नॉन-ड्रॉप' महाग, '३० दिवस रिफिल', म्हणजे महिनाभरात गळलेले परत भरून देणार, त्याचा त्याहून वेगळा दर असं सगळं रेटकार्ड असतं.

लॉगिनवाली स्वस्त का, तर तिथं तुम्ही गिऱ्हाईक पण आणि माल पण. तुमच्या पोस्टला ज्यांचे पाचशे लाईक येतील ते तुमच्यासारखेच लॉगिन देऊन बसलेले लोक, आणि त्यांच्या पोस्टींना तुमच्या नावाने लाईक जात राहणार, तुम्ही झोपलेले असलात तरी. कुठल्या पोस्टला जातील ते तुमच्या हातात नाही. साडेतीनशेची तर अजिबात घेऊ नका, दीड हजारवालीबद्दल इतर लोक बोलतीलच.

वऱ्हाडी_ठेचा

खटपट्याभाऊ म्हणते ते शंभर टक्के खरं हाय. माह्या भाच्यानं हे असलंच एक ॲप मोबाईलमधी टाकलं होतं, लाईक मारले का कॉईन भेटते अन् त्या कॉईनचे सोताच्या फोटोले लाईक घ्याचे. चार दिवस लय खुश. मंग एक दिवस त्याच्या होणाऱ्या सासऱ्याचा फोन आला, का जावईबापू, तुमी रात्री तीन वाजता कोण्या परदेशी बाईच्या बिकिनीवाल्या फोटोले बदाम टाकला तं आमच्या फेसबुकवर दिसून राह्यला. आता सांगा त्या माणसाले का हे ऑटोमॅटिक होते मनून!! लग्न झालं, पण अजून दर दिवाळीले सासरा इचारते, आता कोनाले लाईक केला मनून.

तिरकमठा

ठेचाभाऊ =))

जुन्या काळची आठवण झाली. २०१३-१४ च्या आसपास आमच्या तालुक्यात या ऑटो लायकरची साथच आली होती. तेव्हा ॲप पण नव्हतं, वेबसाईट असायची, तिच्यावरचं बटण दाबलं की फेसबुकचं पान उघडायचं, 'ओके' म्हटलं की ॲड्रेस बारमध्ये एक मैलभर लांब लिंक यायची, ती कॉपी करून त्या साईटच्या चौकोनात चिकटवायची, बस, झालं काम. मग कॅपचा भरा, दीडशे लाईक घ्या, अर्धा तास थांबा, परत दीडशे.

गावोगावचे 'भावी सरपंच' चौकात बुलेटवर बसून फोटो टाकायचे आणि खाली लाईक कुणाचे तर मेहमत, न्गुयेन, सुलिस्त्यो! मतदारयादीत असली नावं असती तर दहा वर्षं कुणी पाडलं नसतं त्यांना. एकाला मी चेष्टेत विचारलं, अरे हे न्गुयेन कुठल्या वॉर्डातले? तर गडी छाती फुगवून म्हणतो, आपली ओळख बाहेर पण आहे.

अक्षरशत्रू

तिरकमठा यांनी सांगितलेल्या त्या 'मैलभर लांब लिंक'वरच तर सगळा खेळ होता. त्या लिंकमध्ये ॲक्सेस टोकन असायचं. २०१७ मध्ये यावर एक चांगला शोधनिबंध आला होता, आयोवा विद्यापीठ आणि लाहोरच्या एलयूएमएस विद्यापीठातल्या संशोधकांनी फेसबुकच्याच माणसांबरोबर केलेला. त्यांनी मुद्दाम खोटी खाती उघडून ती या ऑटो लायकरच्या साईटना जोडली, पोस्ट टाकून लाईक मागत राहिले आणि लाईक कुणाकुणाकडून येतात त्याची नोंद ठेवली. हब्ला डॉट मी, ऑफिशियल लायकर डॉट नेट अशा पन्नासेक साईट सापडल्या आणि त्यांच्या जाळ्यात दहा लाखांहून जास्त खाती. ही सगळी जिवंत माणसांची खाती, लाईकच्या हौसेपायी स्वतःहून टोकन देऊन बसलेली. भारतातले लोक त्यात भरपूर होते, त्यामुळे तुमच्या तालुक्यातल्या साथीचं नवल नाही.

गंमत म्हणजे या साईटना स्वतःचं ॲप बनवायची पण गरज पडली नाही. एचटीसी सेन्ससारखी (एचटीसी म्हणजे मोबाईल बनवणारी कंपनी) मोठ्या कंपन्यांची, फेसबुकने आधीच मंजूर केलेली ॲप होती, त्यांची सुरक्षेची सेटिंग ढिली होती, तर यांनी त्यांच्याच नावाने टोकन काढून घेतली. फेसबुकला दिसायचं ते असं की लाईक एचटीसीच्या ॲपमधून आलाय, मंजूर आहे, जाऊ दे.

अबोली७९

टोकन म्हणजे नक्की काय हो? सोप्या भाषेत सांगा, माझ्यासारख्या वाचनमात्र लोकांसाठी. पासवर्ड दिला नाही तर काय बिघडतं, असंच मलाही वाटायचं.

अक्षरशत्रू

@अबोली७९, टोकन म्हणजे अक्षरं आणि आकडे यांची एक लांबलचक ओळ. ती ज्याच्या हातात, त्याला फेसबुक 'तुम्ही'च समजतं, पासवर्ड विचारत नाही. ॲपला परवानगी देताना तुम्ही जे जे मान्य केलं असेल ते ते त्या टोकनने करता येतं, लाईक मारणं, कमेंट करणं, काही वेळा तुमच्या मित्रांची यादी वाचणं.

पासवर्ड बदलला की साधारणपणे जुनी टोकन मरतात. त्याशिवाय सेटिंगमध्ये 'ॲप्स अँड वेबसाईट्स' म्हणून पान असतं, तिथं जाऊन ओळखीची नसलेली सगळी ॲप काढून टाका. वर्षानुवर्षं लोकांनी तिथं पाहिलेलंच नसतं, 'मागच्या जन्मी तुम्ही कोण होता' वगैरे खेळलेले सगळे तिथे अजून मुक्कामाला असतात.

अबोली७९

आत्ता बघून आले. बापरे. 'तुमचा मृत्यू कधी होईल' पण निघालं त्यात.

ढेमसे

मग कधी आहे?

गोंधळी_गडी

फेसबुकने मग ते बंद कसं पाडलं? एवढं सगळं माहिती होतं तर एका झटक्यात करायचं ना.

अक्षरशत्रू

तिथंच तर मजा आहे. आधी त्यांनी एका टोकनवरून किती लाईक जाऊ शकतात यावर मर्यादा आणली, पण या साईटकडे टोकनांचा साठाच इतका की प्रत्येकाला अगदी थोडं थोडं काम वाटून द्यायचे, मर्यादा लागायचीच नाही. मग सापडलेली टोकन रद्द करायला सुरुवात केली, लाईक धाडकन पडले आणि थोड्या दिवसांत परत वर, कारण लोक स्वतःच येऊन नवीन टोकन देत होते! चोराला पकडता येतं, पण घरमालकच रोज किल्ली नेऊन देत असेल तर काय करणार. शेवटी इंटरनेटच्या पत्त्यांवर, म्हणजे आयपीवर बंधनं घातली तेव्हा कुठे जम बसला, आणि हब्लावाल्यांकडे पत्तेच हजारो होते म्हणून ज्या होस्टिंग कंपन्यांच्या (सर्व्हर भाड्याने देणाऱ्या) जाळ्यातून ते यायचे तिथून येणारे लाईकच सरसकट अडवावे लागले. पुढे २०१८ मध्ये ॲपना वापरकर्त्याच्या नावाने परस्पर पोस्ट करायची परवानगीच फेसबुकने काढून घेतली.

त्यानंतरची हत्यारं वेगळी आहेत. आता ॲपमध्ये थेट पासवर्ड मागतात, नाहीतर कॉम्प्युटरवर एफ१२ दाबून 'हा कोड पेस्ट करा' सांगतात. फेसबुक उघडून एफ१२ दाबून बघा एकदा, लाल अक्षरात हा एवढा मोठा 'थांबा' असा इशारा येतो तो ह्याच लोकांमुळे.

पॅनेलवाला

बराच वेळ वाचतोय, आता राहवत नाही म्हणून लिहितो. मी स्वतः पॅनेलचं रीसेलिंग करतो, लपवायचं काय त्यात. इथं सगळे शिकलेले लोक आहेत म्हणून एकदम चोर ठरवून मोकळे झाले.

एक सांगा, नवीन गावात गेल्यावर जेवायला तुम्ही रिकाम्या हॉटेलात जाता का भरलेल्या? धागाकर्त्याची चटणी कितीही झणझणीत असू दे, तीस लाईकचं पेज बघून मुंबईची बाई आगाऊ पैसे पाठवणार नाही, तिला वाटणार हे फ्रॉड असेल. तेच दोन हजार लाईक दिसले की विश्वास बसतो. मी एवढंच करतो की सुरुवातीची भीड मोडून देतो. पुढं माल चांगला असेल तर चालेल, नसेल तर नाही.

आणि माझ्याकडं काय सर्व्हर नाहीत का खाती नाहीत. माझं पॅनेल दुसऱ्या मोठ्या पॅनेलला जोडलेलं आहे, ते तिसऱ्याला, मूळ माल कुठून येतो ते मला पण माहीत नाही आणि माझ्या वरच्याला पण नसेल. हजार लाईकमागे थोडेसे रुपये सुटतात. गिऱ्हाईक कोण विचाराल तर फोटोग्राफर, मेहंदीवाल्या, जिमवाले, गाणी काढणारे, आणि निवडणूक लागली की मग विचारूच नका.

शालू_पैठणी

@पॅनेलवाला, तुमचं हॉटेलाचं उदाहरण ऐकायला छान आहे, मीही फसले असते त्याला. आमचं इचलकरंजीला साड्यांचं दुकान आहे, पेज आधी एका मुलाकडे दिलं होतं. त्याने आम्हाला न सांगता लाईक आणि फॉलोअर विकत आणले, आकडा बघून आम्ही पण खूश. त्रास सुरू झाला तो खऱ्या जाहिरातीला पैसे घातल्यावर.

इन्स्टा-फेसबुकवर जाहिरात देताना एक सोय असते, 'आपल्या पेजवर ज्यांनी लाईक-कमेंट केलंय त्यांना दाखवा' आणि 'त्यांच्यासारख्या इतर लोकांना दाखवा'. आता आमच्या पेजवर लाईक करणारे कोण, तर सगळी ही बनावट मंडळी. म्हणजे आम्ही खरे पैसे मोजून साडीची जाहिरात बॉटना, म्हणजे यंत्राने चालणाऱ्या खात्यांना, दाखवत होतो, आणि त्यांच्यासारखे अजून बॉट शोधून द्या म्हणून सांगत होतो! क्लिक भरपूर, चौकशी एक नाही. आणि साध्या पोस्टचं पण तेच, टाकली की आधी थोड्या फॉलोअरना दाखवली जाते, ते थांबले, कुणाला पाठवली, सेव्ह केली तर पुढे जाते. बॉट लाईक मारून निघून जातो, ना बघत बसतो, ना मैत्रिणीला पाठवत. मग खऱ्या बायकांपर्यंत पोस्ट पोचायचीच नाही. शेवटी पेज नव्याने उघडलं आम्ही.

रिकामं हॉटेल परवडलं हो, पुतळे बसवलेलं नको.

तिरकमठा

शेवटच्या वाक्याला दंडवत.

पॅनेलवाला

शालूताई, तुमच्या त्या पोराने सगळ्यात स्वस्त माल घेतला असणार. इंडियन क्वालिटी लाईक वेगळे मिळतात, त्यांना डीपी असतो, पोस्ट असतात, नावं पण आपली असतात. थोडे महाग पडतात इतकंच.

खटपट्या

म्हणजे ठेचाभाऊंच्या भाच्यासारख्या पोरांची खाती. महाग पडतात कारण सासऱ्याचा त्रास धरलेला असतो.

सॅन_होजेचा_पक्या

इकडची, अमेरिकेतली थोडी माहिती टाकतो. नोव्हेंबर २०१८ मध्ये इन्स्टाग्रामने जाहीर केलं की बाहेरची ॲप वापरून आलेले लाईक, फॉलो, कमेंट ते स्वतःच काढायला लागणार, आणि ज्यांनी असल्या ॲपला लॉगिन दिलंय त्यांना पासवर्ड बदलायला लावणार. त्याच्या आधी २०१७ मध्ये इन्स्टाग्रेस नावाची, आपोआप लाईक-फॉलो करणारी मोठी सेवा बंद पडलीच होती. देवुमी नावाची एक कंपनी फॉलोअर-लाईक विकायची, तिच्याविरुद्ध आधी न्यूयॉर्कच्या ॲटर्नी जनरलने आणि मग २०१९ मध्ये एफटीसीने (इकडची ग्राहकांच्या हिताची सरकारी संस्था) कारवाई केली. आता तर २०२४ पासून इकडे नियमच आहे, धंद्याच्या कामासाठी खोटे लाईक-फॉलोअर जाणूनबुजून विकायचे पण नाहीत आणि घ्यायचे पण नाहीत.

पण पकडण्याच्या नावाने मात्र ठणठणाट. २०१९ मध्ये नाटोच्या लाटव्हियातल्या एका केंद्राने प्रयोग केला, फक्त ३०० युरो खर्चून वेगवेगळ्या साईटवर ३,५३० कमेंट, २५,७५० लाईक, २०,००० व्ह्यू आणि ५,१०० फॉलोअर विकत घेतले. चार आठवड्यांनी बघितलं तर पाचातल्या चार गोष्टी तशाच जागेवर होत्या. तक्रार करून पण फारसा फरक पडला नाही.

धोंडोपंत

पक्या, सॅन होजेचे कायदे गडहिंग्लजला लागू होत नाहीत रे बाबा.

सॅन_होजेचा_पक्या

पंत, तुमच्या मुंबई पोलिसांनी पण जुलै २०२० मध्ये बनावट फॉलोअर विकणाऱ्या टोळीचा तपास केला होता. एका गायिकेच्या नावाने खोटं प्रोफाईल निघाल्याची तक्रार आली, तिथून धागा लागला, अटक झाली, आणि मग बऱ्याच नामवंतांना चौकशीला बोलावलं होतं. तेव्हा अगदीच लागू नाही असं नको म्हणू.

कार्यकर्ता_कट्टर

राजकारणाचं निघालंच आहे तर आतली बात सांगतो, नाव-गाव-पक्ष विचारू नका. आमच्याकडं ऑटो लायकर म्हणजे आम्हीच! वॉर्डाचा व्हॉट्सॲप ग्रुप, सकाळी सात वाजता लिंक येणार, 'दादांच्या पोस्टला सर्वांनी लाईक, कमेंट, शेअर करून स्क्रीनशॉट टाकावा'. ज्याचा स्क्रीनशॉट नाही त्याला संध्याकाळी फोन. कमेंट पण ठरलेल्या, 'एकच नंबर दादा', 'विकासपुरुष', 'नाद करायचा नाय'. मग कुणीतरी दादांना सांगितलं की हे एवढं कशाला, मशीनने होतंय.

तर लावलं मशीन. प्रत्येक पोस्टला दहा मिनिटांत पाचशे, धागाकर्त्याला सांगितलंय तसंच. महिनाभर सगळं झकास. मग एका ज्येष्ठ कार्यकर्त्याच्या आई वारल्या, दादांनी 'भावपूर्ण श्रद्धांजली' टाकली. मशीनला काय कळतंय! पॅकेजमध्ये रिॲक्शनची मिसळ ठरलेली, तर मातोश्रींच्या फोटोला सव्वाशे 'हाहा', शंभर बदाम, आणि खाली इंग्रजीत 'नाईस पिक', 'ब्युटिफुल', 'कीप इट अप'. कीप इट अप!! पोस्ट काढेपर्यंत स्क्रीनशॉट अख्ख्या तालुक्यात फिरले. तो ज्येष्ठ माणूस पुढच्या महिन्यात समोरच्या पक्षात गेला. आता परत सकाळी सातला लिंक येते.

वऱ्हाडी_ठेचा

'कीप इट अप' 😂 मेलो भाऊ मी. आता माह्या पोस्टले पण येईन.

अबोली७९

हसावं की रडावं. त्या मुलाचं काय झालं असेल ते बघून.

तिरकमठा

अवांतर: समोरच्याच्या पोस्टवर 'हाहा' विकत घेऊन टाकायचा प्रकार पण चालतो ना? आमच्याकडे मागच्या निवडणुकीत एका उमेदवाराच्या प्रत्येक पोस्टवर हाहाचा पाऊस असायचा. तो ओरडून सांगायचा की हे विकतचे आहेत, कुणी विश्वास ठेवेना.

अक्षरशत्रू

चालतो, आणि त्यातला विनोद असा की ज्याची नाचक्की करायची त्याचाच फायदा व्हायची शक्यता. फेसबुकने फेब्रुवारी २०१६ मध्ये लव्ह, हाहा, वॉव, सॅड, अँग्री या रिॲक्शन सगळीकडे आणल्या आणि २०१७ पासून अशा एका रिॲक्शनला साध्या लाईकच्या पाचपट वजन दिलं होतं, पोस्ट किती लोकांना दाखवायची ते ठरवताना. हे २०२१ मध्ये त्यांचे अंतर्गत कागद बाहेर आले तेव्हा कळलं. म्हणजे त्या काळात विरोधकाच्या पोस्टवर शंभर हाहा टाकणारा स्वतःच्या पैशाने त्याची पोस्ट वर चढवत होता. अँग्रीचं वजन पुढे कमी करत करत २०२० मध्ये शून्यावर आणलं, कारण रागाच्या पोस्टींमध्ये अफवा आणि घाण जास्त सापडायला लागली.

आणि हा खेळ सरपंचापुरता नाही. होंडुरास देशाच्या तेव्हाच्या राष्ट्राध्यक्षांचं पेज सांभाळणाऱ्यानेच शेकडो खोटी फेसबुक पेजेस काढली होती, माणसांची नावं आणि फोटो लावलेली, आणि त्यांच्याकडून साहेबांच्या पोस्टींना लाईक. फेसबुकमधल्या सोफी झांग या डेटा सायंटिस्टने ते शोधलं, पण कंपनीने कारवाई करायला वर्षभर घेतलं. पेजवरून पेजला लाईक करायची सोयच होती, त्यामुळे यात हॅकिंग वगैरे काहीच नव्हतं.

धोंडोपंत

आपल्याकडे ऑक्टोबर २०१३ पासून निवडणूक आयोगाने उमेदवारांना सोशल मीडियाची खाती प्रतिज्ञापत्रात लिहायला लावली आहेत आणि तिथला प्रचाराचा खर्च पण हिशोबात धरायचा असतो. हाहा कोणत्या रकान्यात दाखवतात कुणास ठाऊक. 'किरकोळ' मध्ये असावं.

सुगरण_नगरकर

धागा कोल्हापूरहून होंडुरासला गेला! चटणीवर या आता. @मिरची_कोल्हापुरी, मिरची कोणती वापरता? ब्याडगी एकटी असेल तर रंग येतो पण कांदा-लसणीला तो ठसका नाही.

मिरची_कोल्हापुरी

ब्याडगी रंगाला, संकेश्वरी चवीला आणि थोडी लवंगी. प्रमाण आई मला पण सांगत नाही.

मालवणी_खाजं

कांदा-लसूण मसाला चांगलाच, पण माशाला मालवणीच लागतो. उगाच बांगड्याचा खून करू नका.

ढेमसे

झालं. आता होतील खरोखरचे पाचशे कमेंट, फुकट.

अबोली७९

ढेमसे =)) पण मला एक सुचतंय. इन्स्टावर मे २०२१ पासून स्वतःच्या पोस्टचा लाईकचा आकडा लपवता येतो. पोस्टवरच्या तीन टिंबांत पर्याय आहे. मी माझ्या रांगोळीच्या पेजवर तसंच ठेवलंय. तीस आहेत का तीन हजार, गिऱ्हाईकाला कळतच नाही, मला एकटीला दिसतं. म्हणजे पॅनेलवाल्यांची ती सुरुवातीची भीड मोडायला दीड हजार रुपये कशाला हवेत?

शालू_पैठणी

हे भारी आहे. आम्ही पण करतो आजच.

पॅनेलवाला

आकडा लपवला की लोकांना वाटतं लाईक नसतील म्हणून लपवलाय.

अबोली७९

मग वाटू दे की. 'नसतील' असं वाटणं आणि न्गुयेन दिसणं यात मी पहिलं घेईन.

सुगरण_नगरकर

मी दिवाळीचा फराळ पाठवते, माझा अनुभव: लाईकवरून ऑर्डर येतच नाही. ज्या बाईने ऑर्डर दिली तिने बहुतेक वेळा पोस्टला लाईक केलेलाच नसतो, तिला कुणीतरी व्हॉट्सॲपवर पाठवलेली असते. त्यामुळे व्हॉट्सॲप बिझनेसचा कॅटलॉग नीट करा, पाकिटाच्या फोटोत एफएसएसएआयचा नंबर, वजन आणि तारीख वाचता येऊ दे, आणि पार्सल मिळाल्याचे लोकांचे फोटो त्यांना विचारून टाका. विश्वास बसतो तो त्यावर. आणि आईंना एकदा कॅमेऱ्यासमोर आणा, खलबत्ता घेऊन, प्रमाण नका सांगू पण कांदा भाजताना दाखवा.

मिरची_कोल्हापुरी

सगळ्यांचे आभार, सगळं नीट वाचलं. काल रात्री बसून त्या दोन हजार लाईकवाल्या मसाल्याच्या पेजवर लाईक केलेल्यांची यादी उघडली. कोल्हापूरचं एक नाव सापडेना राव, आणि तिखटाच्या फोटोखाली कमेंट होती 'लव्ह युवर आउटफिट'.

त्या पोराला नको म्हणून सांगितलं. तर तो म्हणतो दादा फ्री ट्रायल तर बघा, आणि माझ्या नाही-होय म्हणण्याची वाट न बघता तासाभरात पेजवर पाचशे फॉलोअर आणून सोडले! पासवर्ड दिला नव्हता, काही नाही. आता हे काढायचे कसे? शालूताईंचं वाचल्यापासून झोप उडालीय.

खटपट्या

पासवर्ड लागत नाही हाच तर त्यातला धोका, कुणीही कुणाच्याही पेजवर पाठवू शकतो. एखाद्याकडे खोटे लाईक दिसले म्हणजे त्यानेच घेतले असं छातीठोक सांगता येत नाही ते यासाठी. त्या मसालेवाल्याचं पण काय माहीत.

काढायचं म्हणाल तर इन्स्टावर फॉलोअरच्या यादीत जाऊन प्रत्येकासमोर 'रिमूव्ह' दाबायचं. लाईक पण आले असतील तर नुसतं रिमूव्ह करून ते जात नाहीत, त्या खात्याला ब्लॉक केलं तर त्याचे लाईक-कमेंट पण जातात. एका दमात सगळे काढायला जाऊ नका, भराभर तीच तीच गोष्ट केली की इन्स्टा तुम्हालाच बॉट समजून थोडा वेळ अडकवतं. रोज थोडे थोडे काढा. आणि हो, 'एका क्लिकमध्ये फेक फॉलोअर साफ करा' म्हणणारी ॲप मिळतील, ती पण लॉगिन मागतात, त्यांच्या नादी लागू नका. तोवर जाहिरात देऊ नका पेजवरून, दिलीच तर पेजच्या लोकांना न दाखवता नुसतं शहर आणि वय निवडून द्या.

मिरची_कोल्हापुरी

एकेक करून पाचशे?? बरं. धाकट्या भावाची परीक्षा संपलीय, त्याला बसवतो. आईचा कांदा भाजतानाचा व्हिडिओ पण तोच काढणार होता, आता आधी हे.

पॅनेलवाला

तो पोरगा कुठल्या पॅनेलवरून पाठवतो ते कळलं तर सांगा, पाचशे फुकट परवडतात म्हणजे त्याचा रेट माझ्यापेक्षा कमी आहे.